एक मजला जास्तीचा

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' ही म्हण ज्या काळात रूढ झाली, त्या काळात घर बांधणाऱ्याला चिंता असे ती पैशाची, गवंड्याची आणि पावसाची. आज घर बांधणाऱ्याला, किंवा बांधलेल्या घराला एखादी खोली जोडणाऱ्याला, आणखी दोन दारे ठोठवावी लागतात. एक महापालिकेचे आणि दुसरे आपल्याच सोसायटीचे. ही दोन दारे वेगळी आहेत, एकाची किल्ली दुसऱ्याला लागत नाही. एवढी साधी गोष्ट ध्यानात न आल्यामुळे महाराष्ट्रातल्या सहकारी गृहनिर्माण संस्थांत असंख्य तंटे उभे राहिले. काही तालुक्याच्या ठिकाणीच मिटले, काही थेट दिल्लीला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. हे तंटे कसे सुरू झाले, कायदा त्यांच्यामागून कसा येत गेला आणि शेवटी किंमत कोणी मोजली, याचा हा थोडक्यात इतिहास.

सावेडीची जमीन

सुरुवात आपल्या सावेडीपासून करू. शहराचे नाव २०२४ मध्ये अहिल्यानगर झाले. जुन्या गोष्टी सांगताना मात्र मी नगर असेच म्हणणार आहे. नगरचे जुने गाव वेशीच्या आतले. दिल्लीगेटमधून बाहेर पडून मनमाड रस्त्याला लागले, की सावेडी. एके काळी हे शेतीवाडीचे गाव होते. इथल्या ठिकाणांची नावे वाचली तरी वस्ती कशी वाढली ते कळते. भिस्तबाग या नावात निजामशाहीतल्या 'हश्त बिहिश्त', म्हणजे आठ स्वर्गांच्या बागेची आठवण उरली आहे. पाइपलाइन रस्ता सांगतो, की इथून शहराच्या पाण्याची वाहिनी गेली. प्रोफेसर कॉलनी हे नाव सांगते, की पगारदार, शिकलेला, निवृत्तीच्या आधी स्वतःचे घर व्हावे असे स्वप्न पाहणारा माणूस इथे राहायला आला. शेताचे गट पडले, गटांची बिनशेती झाली, प्लॉट पडले, बंगले आले आणि मग बंगल्यांच्या जागी अपार्टमेंट आली. २००३ मध्ये नगरपालिकेची महापालिका झाली, तोवर सावेडी हे शहराचे मोठे उपनगर झालेले होते.

नगर जिल्ह्याला सहकार नवा नव्हता. विठ्ठलराव विखे पाटलांनी शेतकऱ्यांना एकत्र केले, धनंजयराव गाडगीळांसारखा अर्थशास्त्रज्ञ पाठीशी उभा राहिला आणि प्रवरेच्या काठी सहकारी साखर कारखाना उभा राहिला. १९५० मध्ये त्याचे गाळप सुरू झाले. उसाच्या सहकारात प्रत्येक सभासदाचा हिशेब काट्यावर होतो. ऊस किती घातला, भाव किती मिळाला, हे आकड्यात दिसते. घराच्या सहकारात असा काटा नाही. तिथे एकाने दोन फूट जास्त घेतले, तर ते दोन फूट दुसऱ्या कोणाच्या तरी उजेडातून, वाऱ्यातून किंवा वाटेतून जातात. म्हणून घराचा सहकार अधिक अवघड.

शेजारी निवडण्याची कल्पना

सहकारी घरांची कल्पना आपल्याकडे आली ती पतपेढ्यांच्या पाठोपाठ. १९०४ च्या कायद्याने फक्त पतसंस्थांना मान्यता दिली होती. १९१२ च्या कायद्याने इतर प्रकारच्या सहकारी संस्थांचाही मार्ग मोकळा झाला. मुंबईत गावदेवीला १९१५ मध्ये सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था नोंदवली गेली. तिच्यामागे होते रावबहादूर श्रीपाद सुब्राव तालमकी. सहकारी गृहनिर्माण चळवळीचे जनक म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. मध्यमवर्गीय कुटुंबांनी एकत्र यायचे, पैसे उभे करायचे, जमीन घ्यायची आणि घरमालकाच्या मर्जीवर न राहता आपल्याच संस्थेच्या घरात राहायचे, असा हा विचार.

या विचारात एक गोष्ट गृहीत होती. सभासद आधी एकत्र येतात, एकमेकांना ओळखतात आणि इमारत नंतर उभी राहते. म्हणजे नियम आधी आणि भिंत नंतर. तंटा झालाच, तर तो घरातल्या घरात मिटावा, अशी कायद्याचीही अपेक्षा होती. मुंबई प्रांताच्या १९२५ च्या सहकारी संस्था कायद्यात असे तंटे दिवाणी न्यायालयात न जाता निबंधकाकडे किंवा त्याने नेमलेल्या पंचाकडे जात. पुढे महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० आला आणि २६ जानेवारी १९६२ पासून अमलात आला. त्याच्या कलम ९१ मध्ये हीच परंपरा चालू राहिली. सत्तरच्या दशकातल्या दुरुस्तीने पंचाची जागा स्वतंत्र सहकार न्यायालयांनी घेतली.

या कायद्याखालच्या नियमांनी गृहनिर्माण संस्थांचे मुख्य प्रकार केले. एका प्रकारात जमीन संस्थेची असते आणि प्लॉटवर घर सभासद स्वतः बांधतो. दुसऱ्यात जमीन आणि इमारत दोन्ही संस्थेच्या आणि सभासदाला त्यातली सदनिका वापरायचा हक्क. हा फरक कागदी वाटतो, पण तंट्यांचे स्वरूप त्यावरच ठरते. प्लॉटच्या सोसायटीत भांडण होते ते सामासिक अंतरावरून, म्हणजे घर आणि कुंपण यांच्यामध्ये जी जागा मोकळी सोडायची तिच्यावरून. नाहीतर कॉलनीच्या मोकळ्या जागेवरून, किंवा बंगल्याच्या पुढच्या अंगाला काढलेल्या दुकानावरून. सदनिकांच्या सोसायटीत भांडण होते ते गच्चीवरून, वाहनतळावरून आणि बंद केलेल्या बाल्कनीवरून. सावेडीसारख्या उपनगरात हे दोन्ही प्रकार एकाच रस्त्यावर समोरासमोर दिसतात.

बिल्डर आला आणि क्रम उलटला

साठच्या दशकात मुंबईत जागेची टंचाई इतकी वाढली, की तालमकींच्या काळातला क्रमच उलटला. आता आधी बिल्डर जमीन घेऊ लागला, इमारत बांधू लागला, सदनिका विकू लागला. सगळ्यात शेवटी घेणाऱ्यांची सोसायटी स्थापन होऊ लागली. एकमेकांना न ओळखणारी माणसे, त्यांनी न बांधलेली इमारत आणि त्यांनी न पाहिलेला मंजूर नकाशा, या तीन गोष्टींतून आजची सोसायटी जन्माला येते. तिच्या बहुतेक दुखण्यांचे मूळ इथे आहे.

कायदेमंडळाला हे दिसत नव्हते असे नाही. महाराष्ट्र मालकी हक्काच्या सदनिकांबाबतचा कायदा १९६३ मध्ये झाला. घरांच्या टंचाईमुळे प्रवर्तकांकडून गैरप्रकार होत आहेत, हे त्या कायद्यात स्पष्ट म्हटले आहे. बिल्डरने मंजूर नकाशे दाखवावेत, सदनिका घेणाऱ्यांच्या संमतीशिवाय नकाशात फेरफार करू नये, ठरल्या मुदतीत संस्था नोंदवावी आणि जमीन-इमारत तिच्या नावे करून द्यावी, असे त्यात सांगितले. यातले शेवटचे काम इतक्या ठिकाणी राहून गेले, की २००८ मध्ये कायदा दुरुस्त करून मानीव अभिहस्तांतरणाची, म्हणजे बिल्डर येत नसेल तर त्याच्याविना हस्तांतरण करून घेण्याची सोय करावी लागली.

जमीन नावावर झालेली नाही याचा अर्थ काय, तर उद्या नियम बदलून त्या भूखंडावर जास्त बांधकाम करता येऊ लागले, तर त्यावर बिल्डर आपला हक्क सांगतो. बागेसाठी दाखवलेल्या जागेवर नवी इमारत येते, गच्चीवर आणखी मजला चढतो. 'करारात तुम्ही संमती दिली होती' असे तो म्हणतो. मुंबईच्या कांदिवलीतील मधुविहार सोसायटीचे प्रकरण याच मुद्द्यावर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. २००७ मध्ये न्यायालयाने सांगितले, की संपूर्ण जागेचा आराखडा सुरुवातीलाच उघड करणे हे प्रवर्तकाचे कर्तव्य आहे. पुढे उच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की करारात आधीच छापून घेतलेली मोघम संमती ही संमती नव्हे. कशाला संमती देतो आहोत, हे देणाऱ्याला कळले पाहिजे. वाहनतळाबाबतही असेच झाले. नहालचंद लालूचंद विरुद्ध पांचाली सोसायटी या खटल्यात ३१ ऑगस्ट २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की इमारतीखालची खांबांमधली वाहनतळाची जागा बिल्डरला सदनिकेसारखी स्वतंत्र विकता येत नाही.

'प्रतिभा'चे आठ मजले

आतापर्यंत बोललो ते सोसायटी विरुद्ध बिल्डर असे. पण सोसायटी स्वतःच आरोपीच्या जागी उभी असेल तर?

१९६६ मध्ये महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम झाला. बांधकामाला नियोजन प्राधिकरणाची परवानगी हवी, परवानगीविना किंवा परवानगी सोडून केलेले बांधकाम पाडण्याची नोटीस देता येईल, चालू काम थांबवता येईल आणि शिक्षाही होईल, असे त्यात आहे. सहकाराचा कायदा शेजाऱ्या-शेजाऱ्यांतला, तर हा कायदा नागरिक आणि शहर यांच्यातला. एका भूखंडावर एकूण किती बांधायचे याचे प्रमाण ठरलेले असते. त्यालाच आपण चटई क्षेत्र निर्देशांक किंवा रोजच्या भाषेत एफएसआय म्हणतो. हा आकडा मनमानी नाही. त्या रस्त्यावर किती माणसे मावतील, किती पाणी लागेल, किती मैला वाहून जाईल, आग लागली तर बंब कुठवर पोचेल, याचा तो हिशेब आहे.

मुंबईत दक्षिण भागात समुद्राजवळ 'प्रतिभा' नावाच्या सहकारी सोसायटीची ३६ मजली इमारत उभी राहिली. १९८४ मध्ये महापालिकेने सांगितले, की परवानगीपेक्षा चोवीस हजार चौरस फुटांहून अधिक बांधकाम झाले आहे. वरचे आठ मजले पाडावेत असा आदेश झाला. सोसायटी उच्च न्यायालयात गेली, तिथे यश आले नाही. मग ती सर्वोच्च न्यायालयात गेली. कुठला भाग पाडायचा यावरही वाद झाला. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सोसायटीची याचिका फेटाळली. सगळ्या बिल्डरांना या प्रकरणातून कळावे, की बेकायदा बांधकाम कधी फायद्याचे ठरत नाही आणि ते समाजाच्या हिताविरुद्ध आहे, अशा आशयाचे उद्गार न्यायालयाने काढले.

या निकालाचे महत्त्व असे, की 'आम्ही सहकारी संस्था आहोत, आमच्या सर्वसाधारण सभेने ठराव केला आहे' ही ढाल तिथे चालली नाही. शंभर टक्के सभासदांनी हात वर केले, तरी शहराचा नियम सभेत रद्द होत नाही.

पाणी मागायला गेले आणि

तरीही धडा घेतला गेला नाही. सगळ्यांच्या स्मरणात असलेले प्रकरण म्हणजे वरळीचे कॅम्पा कोला आवार. महापालिकेची ही जमीन शीतपेयाच्या कारखान्यासाठी भाडेपट्ट्याने दिलेली होती. ऐंशीच्या दशकात तिथे सात इमारती झाल्या. परवानगी पाच मजल्यांपर्यंतची होती. एक इमारत वीस मजल्यांवर गेली, दुसरी सतरा. महापालिकेने १९८४ मध्ये काम थांबवण्याची नोटीस दिली, पण काम चालूच राहिले. वरचे मजले पुरे झाले, विकले गेले, माणसे राहायला आली. भोगवटा प्रमाणपत्र मात्र मिळाले नाही.

भोगवटा प्रमाणपत्र नाही म्हणून रीतसर पाणी नाही. रहिवाशांनी वर्षानुवर्षे टँकर मागवले. शेवटी नळजोडणी मिळावी म्हणून तिथल्या सोसायट्या उच्च न्यायालयात गेल्या आणि वाढीव मजल्यांचा विषय पुन्हा वर आला. २००५ मध्ये पाडकामाच्या नोटिसा निघाल्या. प्रकरण शहर दिवाणी न्यायालय, उच्च न्यायालय असे चढत सर्वोच्च न्यायालयात पोचले. २७ फेब्रुवारी २०१३ रोजी निकाल लागला. पाचव्या मजल्याच्या वरचे बांधकाम बेकायदा आहे, ते नियमित करता येणार नाही, रहिवाशांनी आपले पैसे आणि नुकसानभरपाई बिल्डरकडे मागावी, असा त्याचा अर्थ होता.

पुढे नोव्हेंबर २०१३ मध्ये फाटकावर बुलडोझर आला. दूरचित्रवाणीवर ती दृश्ये पाहून सर्वोच्च न्यायालयाने आपणहून पाडकाम थांबवले आणि रहिवाशांना ३१ मे २०१४ पर्यंत मुदत दिली. निकाल मात्र बदलला नाही. जून २०१४ मध्ये त्या घरांची वीज, पाणी, गॅस तोडण्यात आले.

त्या दिवसांत लोकांची मते दोन बाजूंनी होती. कोणी म्हणाले, ही श्रीमंतांची वस्ती, यांना वेगळा न्याय कशाला? कोणी म्हणाले, महापालिकेचे अधिकारी इतकी वर्षे काय करत होते? दोन्ही प्रश्न खरे आहेत. पण बांधणारा पैसे घेऊन गेला, कानाडोळा करणारे निवृत्त झाले आणि पंचवीस-तीस वर्षांनी भोगले ते त्या घरात राहिलेल्यांनी, त्यांतल्या काहींनी उतारवयात. बेकायदा मजल्याचे कर्ज नेहमी शेवटच्या माणसाच्या गळ्यात पडते, ते असे.

'दंड भरतो, नियमित करा'

बेकायदा बांधकामाचा विषय निघाला, की दुसरे वाक्य ठरलेले असते. 'काय असेल तो दंड भरतो, नियमित करून द्या.' सरकारनेही हा मार्ग वेळोवेळी उघडला. शेतजमिनीचे गुंठ्या-गुंठ्याने तुकडे पाडून विकलेल्या प्लॉटांवर हजारो घरे झाली होती. त्यांच्यासाठी २००१ मध्ये गुंठेवारी कायदा आला. त्याची मर्यादा आधी १ जानेवारी २००१ पर्यंतच्या गुंठेवारीची होती, पुढे २०२१ च्या दुरुस्तीने ती ३१ डिसेंबर २०२० पर्यंत नेली. २०१७ मध्ये नगररचना अधिनियमात कलम ५२ अ घालून ३१ डिसेंबर २०१५ पर्यंतच्या काही अनधिकृत बांधकामांना दंड घेऊन नियमित करण्याची तरतूद झाली.

या सवलतींमागे माणुसकी आहे, हे मान्य केले पाहिजे. ज्याला कायदेशीर प्लॉट परवडला नाही, त्याने गुंठा घेतला. त्याचे घर पाडून शहराचे काय भले होणार? पण प्रत्येक नवी तारीख नियम पाळलेल्या माणसाला एक निरोप देते, की तू थांबलास तेच चुकले. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये कटकच्या फ्रेंड्स कॉलनी प्रकरणात यातून एक रेषा काढून दिली. घर बांधताना सामान्य माणसाकडून झालेली लहानसहान, प्रामाणिक चूक वेगळी आणि धंदा म्हणून जाणूनबुजून चढवलेला मजला वेगळा. पहिल्याला सवलत देता येईल, दुसऱ्याला देऊ नये.

इथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. महापालिका अनधिकृत बांधकामावर घरपट्टी लावते आणि कायद्यात त्यावर मालमत्ता कराच्या दुपटीपर्यंत शास्ती लावण्याची तरतूद आहे. लहान घरांना पुढे त्यात सूट मिळाली. पण कराची पावती म्हणजे परवानगी नव्हे. 'इतकी वर्षे घरपट्टी भरतो आहे' हे वाक्य न्यायालयात कामी येत नाही.

कोणत्या दारी जायचे?

आता आपल्या रस्त्यावर येऊ. सावेडीत वीस मजली इमारतीचे भांडण नाही. इथली गाऱ्हाणी लहान असतात. वरच्या मजल्यावरच्या सभासदाने गच्चीवर पत्र्याची खोली केली आणि गच्चीला कुलूप लावले. शेजारच्या बंगल्याने सामासिक अंतरात जिना घेतला आणि आपल्या स्वयंपाकघराचा उजेड गेला. कोणी वाहनतळात गाळा काढला. कॉलनीच्या मोकळ्या जागेत कोणी आधी कुंडी ठेवली, मग कुंपण आले, मग भिंत आली.

अशा वेळी माणूस बहुधा उपनिबंधकांच्या कार्यालयात अर्ज देतो आणि वर्षभर वाट पाहतो. उपनिबंधक संस्थेच्या कारभारावर लक्ष ठेवतो. निवडणूक, हिशेब, सभा, सभासदत्व हे त्याचे विषय. भिंत पाडण्याचा अधिकार त्याला नाही. सामाईक जागा सभासदाने अडवली, उपविधी मोडले, संस्थेची संमती न घेता बदल केले, हा कलम ९१ खालचा तंटा. त्याची जागा सहकार न्यायालय. बांधकाम मंजूर नकाशाप्रमाणे आहे की नाही, हा प्रश्न महापालिकेच्या नगररचना विभागाचा. बिल्डरने फसवले असेल, तर दिवाणी न्यायालय, ग्राहक आयोग आणि २०१७ पासून महारेरा. महारेरा ज्या कायद्याने आले, त्या २०१६ च्या कायद्याप्रमाणे दोन तृतीयांश सदनिकाधारकांच्या लेखी संमतीशिवाय बिल्डरला मंजूर आराखडा बदलता येत नाही.

दाद मागण्याचा हक्क फक्त सोसायटीलाच आहे असेही नाही. उडुपीच्या एका रहिवाशाने नगरपालिकेने नियम डावलून दिलेल्या चित्रपटगृहाच्या परवानगीला आव्हान दिले होते. १९७४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याचे म्हणणे मान्य केले. नियोजनाचे नियम त्या भागात राहणाऱ्यांसाठी असतात, म्हणून ते मोडले तर रहिवाशाला बोलता येते, हे तेव्हा ठरले. याच हक्काचे मोठे रूप नोएडात दिसले. तिथल्या रहिवासी संघटनेने बागेच्या जागी चढलेल्या दोन मनोऱ्यांविरुद्ध लढा दिला. ३१ ऑगस्ट २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला आणि २८ ऑगस्ट २०२२ रोजी ते मनोरे स्फोटकांनी काही सेकंदांत खाली आले. तो खटला जिंकणारे सामान्य सदनिकाधारक होते.

याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. बांधकाम बेकायदा असले, तरी ते पाडण्याची रीत कायदेशीरच हवी. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने घालून दिले, की पाडण्याआधी निदान पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी, म्हणणे ऐकून घ्यावे आणि कारणे देऊन आदेश काढावा. रस्ता, पदपथ, नदीपात्र अशा सार्वजनिक जागांवरची अतिक्रमणे त्यातून वगळली. त्यानंतर सुमारे महिन्याभराने, १७ डिसेंबर २०२४ रोजी, मेरठच्या एका प्रकरणात न्यायालयाने सांगितले, की बांधकाम जुने आहे म्हणून ते वैध होत नाही. भोगवटा किंवा पूर्णत्वाचे प्रमाणपत्र पाहिल्याशिवाय बँकांनी इमारतीवर कर्ज देऊ नये आणि वीज-पाण्याची जोडणीही त्यानंतरच द्यावी. कॅम्पा कोलाच्या रहिवाशांना जे पाण्यावरून उशिरा कळले, ते आता घर घेण्याआधी कळण्याची सोय झाली.

शेजारधर्म आणि नकाशा

कागद इतके स्पष्ट असूनही तंटे का थांबत नाहीत? माझ्या मते कारण कायद्यात कमी आणि शेजारात जास्त आहे. पत्र्याची पहिली शेड उभी राहते तेव्हा कोणी बोलत नाही. रोज तोंड पाहायचे आहे, मुले एकत्र खेळतात, सणाला ताटाची देवाणघेवाण असते. वाईटपणा कोणी घ्यायचा? अध्यक्ष म्हणतो, माझी मुदत संपत आली. सेक्रेटरी म्हणतो, सभेत विषय आला तर बघू. दुसऱ्या वर्षी शेडच्या भिंती होतात, तिसऱ्या वर्षी समोरचा म्हणतो, त्याने केले तर मी का नको. मग ज्याला शेवटी नोटीस येते, तो विचारतो, फक्त मलाच का? तोपर्यंत दोन घरांतले बोलणे बंद झालेले असते आणि ते कुठल्याही निकालाने परत सुरू होत नाही.

बांधणाराही दर वेळी लबाड नसतो. मुलाचे लग्न झाले, खोली कमी पडते, नवे घर घ्यायची ऐपत नाही. गरज खरी असते. पण त्या गरजेलाही रस्ता आहे. डिसेंबर २०२० पासून मुंबईसारखे काही भाग वगळता महाराष्ट्राच्या बहुतेक शहरांना एकच विकास नियंत्रण नियमावली लागू झाली. आपल्या भूखंडावर बांधकामाला किती वाव शिल्लक आहे, हे वास्तुविशारदाकडून समजून घेता येते. वाव असेल, तर संस्थेची संमती आणि महापालिकेची परवानगी अशी दोन्ही पत्रे घेऊन खोली बांधता येते. संस्थेने ना हरकत दिली म्हणजे महापालिकेने दिली असे होत नाही आणि महापालिकेने नकाशा मंजूर केला म्हणजे सामाईक गच्ची तुमची झाली असेही होत नाही.

तालमकींच्या पिढीने शेजारी आधी निवडले आणि इमारत मागून बांधली. आपल्याला ते जमणार नाही. आपल्या वाट्याला इमारत आधी येते आणि शेजारी मागून कळतात. मग निदान नियम तरी सगळ्यांना सारखे ठाऊक असावेत. प्रत्येक सोसायटीला ३० सप्टेंबरच्या आत वार्षिक सर्वसाधारण सभा घ्यावी लागते. हिशेब वाचतात, लेखापरीक्षक नेमतात, चहा होतो. त्या सभेत या वर्षी आणखी एक काम करावे. आपल्या इमारतीचा मंजूर नकाशा आणि भोगवटा प्रमाणपत्र यांची प्रत टेबलावर मांडावी. नसेल तर नगररचना विभागातून किंवा माहितीच्या अधिकारात मागवावी. नकाशात काय आहे आणि डोळ्यांसमोर काय आहे, हे सगळ्यांनी मिळून एकदा पाहावे. जिथे फरक असेल तिथे त्याच दिवशी भांडण नको. पण तो कार्यवृत्तात लिहून ठेवावा आणि कोणत्या महिन्यापर्यंत काय करायचे ते ठरवावे. विटेला वीट लागण्याआधी दाखवलेला नकाशा शेजाऱ्याला तितका बोचत नाही. नोटिशीबरोबर आलेला फार बोचतो.